मदत हवी आहे: गुदाशयाच्या कर्करोगात 'रिसेक्शन' करताना नेमके काय आणि किती काढतात?

नमस्कार.

माझे वडील ६६ वर्षांचे असून निवृत्त शिक्षक आहेत आणि कराडला राहतात. या वर्षी त्यांना गुदाशयाचा कर्करोग असल्याचे निदान झाले. गाठ गुदद्वारापासून साधारण ५ सेंटिमीटर वर होती. पुण्यात रेडिएशन आणि त्याच्या जोडीने कॅपेसिटाबिन या केमोथेरपीच्या औषधाच्या गोळ्या असा उपचार पूर्ण झाला असून, त्यानंतरच्या एमआरआयमध्ये गाठ बरीच आक्रसली आहे, परंतु पूर्णपणे गेलेली नाही, असे दिसले आहे. आता शस्त्रक्रिया ठरली आहे. फाइलमध्ये सर्जननी 'लो अँटिरिअर रिसेक्शन, टीएमई, डायव्हर्टिंग इलिओस्टोमी. गरज भासल्यास एपीआर' असे लिहिले आहे, आणि संमतीपत्रावरही दोन्ही शस्त्रक्रियांची नावे आहेत.

डॉक्टरांनी कागदावर आकृती काढून समजावून सांगितले होते. मात्र पोटावर मळाची पिशवी लागणार हे ऐकल्यावर बाबांचे पुढच्या कशाकडेच लक्ष राहिले नाही, आणि खरे सांगायचे तर माझेही राहिले नाही. मला इतके कळले आहे की रिसेक्शन म्हणजे रोगट भाग त्याच्या आजूबाजूच्या निरोगी भागाच्या काही अंशासह कापून काढणे आणि शक्य असेल तेथे उरलेली टोके पुन्हा जोडणे. पण गाठ इतकी लहान झालेली असताना तेवढीच का काढत नाहीत, असे आत्या रोज फोनवर विचारते आणि मला तिला नीट उत्तर देता येत नाही. दुसरे म्हणजे, पिशवी काही महिन्यांची की जन्मभराची हे शस्त्रक्रियेच्या टेबलावर ठरणार असेल, तर ते कशाच्या आधारे ठरते? जोड 'लीक' होण्याचा धोका आम्हाला सांगितला आहे, त्याचे गांभीर्य किती समजायचे? आणि भरती होण्याआधी डॉक्टरांना आम्ही काय काय विचारून घ्यावे?

बाबा रोज सकाळी सोवळ्यात पूजा करतात आणि जेवायलाही खाली मांडी घालून बसतात. हे सारे संपले असे त्यांनी मनाशी धरले आहे, आणि त्यामुळे ते शस्त्रक्रियेलाच नकार देतील अशी मला भीती वाटते. ज्यांना याची माहिती किंवा अनुभव आहे त्यांनी कृपया सविस्तर लिहावे.

प्रतिसाद १

मी पोटाच्या शस्त्रक्रिया करणारा सर्जन आहे. रिपोर्ट प्रत्यक्ष न पाहता तुमच्या वडिलांविषयी निर्णय सांगणे योग्य होणार नाही, परंतु या शस्त्रक्रियेमागचा विचार सांगू शकतो.

आत्यांचा प्रश्न अगदी रास्त आहे. रेडिएशनने गाठ आक्रसते तेव्हा ती सर्व बाजूंनी सारखी आत येतेच असे नाही. आतून सपाट दिसणाऱ्या जागी भिंतीच्या जाडीत पेशींचे पुंजके विखुरलेले राहू शकतात. शिवाय गुदाशयाभोवती चरबीचे एक आवरण असते, त्याला मेसोरेक्टम म्हणतात. लसीका ग्रंथी त्यातच असतात आणि रोग प्रथम तिकडेच सरकतो. इंग्लंडमधील बेसिंगस्टोक येथील सर्जन बिल हील्ड यांनी १९८२ मध्ये असे मांडले की हे आवरण न फाडता, त्याच्या बाहेरच्या नैसर्गिक पडद्यातून जाऊन, गुदाशयासकट अखंड काढले तर त्याच जागी रोग उलटण्याचे प्रमाण खूप घटते. तुमच्या फाइलमधील 'टीएमई' (टोटल मेसोरेक्टल एक्सिजन) ती हीच पद्धत. त्यापूर्वी ओटीपोटात रोग पुन्हा उद्भवणे ही या शस्त्रक्रियेची मोठी डोकेदुखी होती, आणि ते दुखणे रुग्णाला फार हाल देणारे असते. म्हणून या ठिकाणी थोडे काढून भागवण्याचा मोह टाळलेलाच बरा, असे माझे स्पष्ट मत आहे.

काढलेल्या भागाच्या कडांना पॅथॉलॉजिस्ट शाई लावतात आणि शाईपासून कर्करोगाच्या पेशी किती दूर आहेत हे मोजतात. बाजूच्या कडेपासून हे अंतर १ मिलिमीटरपेक्षा जास्त असावे लागते. कडांवर सूक्ष्मदर्शकाखालीही पेशी दिसल्या नाहीत तर 'आर झिरो', सूक्ष्मदर्शकाखाली दिसल्या तर 'आर वन' आणि डोळ्यांना दिसेल असा रोग मागे राहिला तर 'आर टू' असे लिहितात. किमान १२ लसीका ग्रंथी तपासल्या जाव्यात असा संकेत आहे. रेडिएशननंतर त्या कमी सापडतात, तेव्हा आकडा कमी आला म्हणून लगेच घाबरू नका. अंतिम रिपोर्टमध्ये या दोन गोष्टी आवर्जून पाहा.

गाठ पूर्णपणे नाहीशी झालेल्या निवडक रुग्णांत शस्त्रक्रिया न करता काटेकोर देखरेख ठेवण्याचा मार्ग ब्राझीलच्या डॉ. अँजेलिता हाब्र-गामा यांनी रुळवला. त्यातही साधारण चारांपैकी एकात गाठ पुन्हा उगवते आणि मग शस्त्रक्रिया करावी लागते. तुमच्या वडिलांच्या एमआरआयमध्ये गाठ शिल्लक आहे, त्यामुळे सर्जननी शस्त्रक्रिया सुचवली हे सयुक्तिक वाटते.

आता पिशवीविषयी. लो अँटिरिअर रिसेक्शनमध्ये गुदद्वार आणि मळ रोखून धरणारा स्नायू शाबूत ठेवून मोठे आतडे खाली आणून स्टेपलरने किंवा हाताने जोडतात. एपीआरमध्ये (ॲब्डॉमिनोपेरिनिअल रिसेक्शन) गुदद्वार आणि तो स्नायूही काढतात. तेथील जखम शिवून बंद करतात आणि मोठ्या आतड्याचे टोक पोटावर कायमचे उघडतात. ही पद्धत अर्नेस्ट माइल्स यांनी १९०८ मध्ये मांडली आणि आजही ती लागते. गाठ स्नायूत शिरली असेल, किंवा तिच्याखाली निरोगी आतड्याची पुरेशी पट्टी, म्हणजे अगदी खालच्या गाठीत निदान १ सेंटिमीटर, मिळत नसेल तर दुसरा मार्ग नसतो. पुष्कळदा एमआरआय आणि बोटाने केलेली तपासणी यांवरून अंदाज येतो, पण शेवटची खात्री आत पोहोचल्यावरच होते. म्हणून संमतीपत्रावर दोन्ही नावे आहेत.

इतक्या खालचा जोड गळण्याचे प्रमाण दहांत एकाच्या आसपास असते. तात्पुरत्या इलिओस्टोमीने, म्हणजे लहान आतडे पोटावर उघडून त्यावर पिशवी लावल्याने, मळ जोडापर्यंत पोहोचत नाही, त्यामुळे जोड सुटला तरी पोटात विष पसरण्याचा धोका बराच उतरतो. जोड भरून आल्याची तपासणी झाल्यावर, बहुधा दोन-तीन महिन्यांनी, ती बंद करतात. मध्ये केमोथेरपी असल्यास उशीर होतो. आणखी एक गोष्ट रुग्णांना पुरेशी सांगितली जात नाही असे मला वाटते. पिशवी गेल्यावरही शौच पूर्वीसारखे होत नाही. दिवसातून अनेकदा, थोडे थोडे आणि घाईने जावे लागते. वर्ष-दोन वर्षांत बरीच सुधारणा होते, तरी काहींना त्रास कायम राहतो. वडिलांचा स्नायू आत्ताच सैल असेल, आधीपासून शौच रोखता येत नसेल, तर कायमची पिशवी अधिक सुखाची ठरू शकते. यावर सर्जनशी मोकळेपणाने बोला. लघवीच्या आणि लैंगिक कार्याच्या नसा जवळूनच जातात, तोही प्रश्न संकोच न करता विचारा.

प्रतिसाद २

ताई, मी स्टोमा नर्स आहे. (स्टोमा म्हणजे पोटावर उघडलेले आतड्याचे तोंड.) पिशवीची जागा शस्त्रक्रियेआधी पेनाने आखून घ्या, हा माझा पहिला आग्रह. इलिओस्टोमी बहुधा पोटाच्या उजव्या बाजूला असते. आखताना बाबांना उभे राहायला, खुर्चीत बसायला, मांडी घालायला आणि वाकायला सांगतात, कारण झोपलेल्या माणसाच्या पोटावर जी जागा सपाट असते तिथेच बसल्यावर वळी पडते आणि वळीवर फ्लँज, म्हणजे पिशवी कातडीला चिकटवणारी चकती, टिकत नाही. बाबा धोतर किंवा सोवळे जेथे खोचतात ती रेघही नर्सना दाखवा. त्यांना नेसूनच बसवले तर उत्तम.

इलिओस्टोमीतून मळ पातळ येतो आणि तो कातडीला जाळतो. त्यासाठी फ्लँजचे भोक स्टोमापेक्षा २-३ मिलिमीटरच मोठे कापायचे. सुरुवातीच्या आठवड्यांत सूज उतरून स्टोमा लहान होत जातो, म्हणून दर वेळी नव्याने मापून घ्यावे. पिशवी एक तृतीयांश भरली की रिकामी करावी. भरू दिली तर वजनाने सुटते. दिवसाला दीड-दोन लिटरपेक्षा जास्त मळ येऊ लागला, लघवी कमी झाली किंवा चक्कर आली तर त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा. नुसते पाणी पाजून भागत नाही, मीठ-साखरेचे ओआरएस द्यावे लागते. मऊ भात, ताक, केळे सोसते. मका, शेंगदाणे, नारळाचे खोबरे सुरुवातीला टाळा, ते अडकते.

धागाकर्तीचा प्रतिसाद

दोघांचेही मनापासून आभार. आत्याला पहिला प्रतिसाद वाचून दाखवला. ती आता शस्त्रक्रियेच्या बाजूने बोलते आहे. बाबांनी स्वतः एकच प्रश्न विचारायला सांगितला आहे: पिशवी असताना अंघोळ करून पूजेला बसता येईल का?

प्रतिसाद ३ (स्टोमा नर्स)

येईल. पिशवी लावूनही अंघोळ करता येते आणि बदलण्याच्या दिवशी ती काढून, साध्या पाण्यानेही. स्टोमाला पाणी लागल्याने काही होत नाही. फ्लँज नीट बसली असेल तर वास येत नाही. पहाटे, काही खाण्यापूर्वी स्टोमा सर्वांत शांत असतो, तेव्हा पिशवी बदलण्याची वेळ तीच ठेवावी आणि लगोलग पूजेला बसावे. टाके भरेपर्यंत जमिनीऐवजी पाटाखाली उंच चौरंग घ्या, आणि जड घागर उचलू देऊ नका, स्टोमाशेजारी हर्निया होतो. सोवळ्याचा प्रश्न त्यांच्या श्रद्धेचा आहे, त्यावर मी काही म्हणणार नाही. पण माझ्याकडे येणारे अनेक आजोबा रोज पूजा करतात. त्यांपैकी कोणी तयार असेल तर बाबांशी फोनवर बोलायला सांगते, तुम्ही मला व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.