मदत हवी आहे: रास्पबेरी पाय ३ वर आर्केड गेम लंगडतात

खटपट्या (धागाकर्ता)

'पायच लंगडतोय' हा विनोद घरात करून झालाय, तेव्हा थेट मुद्द्यावर येतो.

कपाटात पडून असलेला रास्पबेरी पाय ३ हा छोटा संगणक (१ जीबी रॅम, १.२ गिगाहर्ट्‌झ, चार कोअर) बाहेर काढला आणि त्यावर रेट्रोपाय (जुने गेम चालवायचं सॉफ्टवेअर) टाकलं. प्लायवूडचं खोकं, दोन जॉयस्टिक, सोळा बटणं आणि जुना टीव्ही. सुट्टीत भाची येतेय, तिला पॅक-मॅन दाखवायचाय. आणि मला, खरं सांगायचं तर, स्ट्रीट फायटर २ मध्ये हरवायला कुणीतरी हवंय. खोकं झकास झालंय. गेमचं मात्र असं आहे:

पॅक-मॅन मेमवर (जुन्या आर्केड यंत्रांची नक्कल करणारा प्रोग्रॅम) सुरूच होत नाही. दोन सेकंद काळी स्क्रीन, की परत यादीत. त्याच मेमवर गॅलागा जरा अडखळत का होईना, चालतो. पॅक-मॅनमध्ये ३.०७२ मेगाहर्ट्‌झचा एकच झेड-८० प्रोसेसर, गॅलागात तीन. म्हणजे ताकद कमी पडतेय असं म्हणायलाही जागा नाही.

स्ट्रीट फायटर २ सुरू होतो. पहिला राउंड बरा जातो, मग आवाज फाटक्या स्पीकरसारखा खरखरायला लागतो आणि फ्रेमचा आकडा ५९ वरून चाळिशीच्या खाली येतो. १९९१ च्या मूळ बोर्डावर १० मेगाहर्ट्‌झचा ६८००० प्रोसेसर होता हो! माझ्याकडे त्याच्या १२० पट घड्याळ, आणि हाडोकेन (ऊर्जेचा गोळा) मारला की तो निम्म्यात विचार करत थांबतो.

मॉर्टल कॉम्बॅट (हा एफबी निओ या मेमसारख्याच दुसऱ्या प्रोग्रॅमवर टाकलाय) ५४.७ फ्रेमच्या वर जातच नाही. खालीही येत नाही. मागचं दृश्य सरकताना बारीक बारीक गचके बसतात.

करून पाहिलेलं: ओव्हरक्लॉक (दोनदा गोठला, काढून टाकलं). शेडर, म्हणजे चित्रावरचे परिणाम, बंद (थोडा फरक). फ्रेमस्किप २, म्हणजे मधल्या फ्रेम गाळणं (डोळे दुखले). ऑडिओ लेटन्सी, म्हणजे आवाजाचा उशीर, ६४ वरून १२८ मिलिसेकंद (खरखर कमी झाली, पण ठोसा बसल्यावर आवाज मागून येतो, जुन्या डब केलेल्या सिनेमासारखा). मेमचा कोअर (रेट्रोपायमध्ये चालणारी त्याची आवृत्ती, प्रोसेसरचा कोअर नव्हे) सगळ्यात नवा घेतलाय, म्हणजे जुन्या व्हर्जनचा प्रश्न नसावा.

रॉम (गेमच्या चिपमधून वाचलेल्या फाइली) कुठून आणायच्या हे विचारत नाहीये. आणि 'नवीन घे' हे उत्तर मलाही येतं.

---

कळफोड्या

खटपट्या, तुमच्या तिन्ही तक्रारी वेगवेगळ्या आहेत. एकाच गोळीने जाणार नाहीत, एकेक घेऊ.

आधी तीन गोष्टी सांगा. खेळताना टीव्हीच्या कोपऱ्यात पिवळी वीज दिसते का? पायला वीज कुठून देता? आणि एसएसएचने (दुसऱ्या संगणकावरून) आत जाऊन 'व्हीसीजेनसीएमडी गेट_थ्रॉटल्ड' ही कमांड चालवली तर काय येतं?

---

खटपट्या

पिवळी वीज दिसते! मला वाटलं चार्जिंगचं चिन्ह आहे. 😐

फोनचा जुना चार्जर आहे, वायर दोन मीटरची, कारण प्लग लांब आहे. कमांडचं उत्तर: ०एक्स५०००५.

---

कळफोड्या

मग स्ट्रीट फायटरचं अर्धं दुखणं सापडलं. शेवटचा ५ म्हणजे १ अधिक ४: आत्ता या क्षणी व्होल्टेज कमी आहे आणि आत्ता वेग कापलेला आहे. पुढचा ५ म्हणजे चालू केल्यापासून हे दोन्ही कधी ना कधी घडलंय. वीज ४.६३ व्होल्टच्या खाली गेली की पाय ते चिन्ह दाखवतो आणि १२०० मेगाहर्ट्‌झवरून ६०० वर येतो. पहिला राउंड बरा जातो, कारण ताण पडल्यावरच व्होल्टेज कोसळतं. ओव्हरक्लॉक करून तुम्ही उपाशी बैलाला चाबूक मारत होतात.

५ व्होल्ट, २.५ अँपिअरचा पुरवठा हवा. चार्जरवर आकडा छापलेला असला तरी बारीक, लांब वायर मध्येच व्होल्टेज खाते. आधी आखूड, जाड वायर लावून बघा. एक्स्टेंशन बोर्ड जवळ आणा, यूएसबीची वायर लांबवू नका.

---

झेडऐंशी

उरलेलं अर्धं दुखणं 'सगळ्यात नवा' या शब्दांत आहे. इथे जवळजवळ सगळेच फसतात. मीही दोन रविवार घालवलेत.

बाकी सॉफ्टवेअर नवं झालं की कधीमधी हलकं होतं. मेमचं तसं नाही. निकोला साल्मोरियाने १९९७ मध्ये ते सुरू केलं, आणि पुढे त्याचा हेतू जतनाचा ठरला: मूळ यंत्र जसं होतं तसं नोंदवून ठेवणं. गेम खेळता येणं हा त्याचा जोडफायदा. त्यामुळे जिथे जुनी आवृत्ती 'साधारण असा आवाज येतो' म्हणून भागवायची, तिथे नवी त्या चिपचा अंतर्भाग घड्याळाच्या ठोक्यानुसार चालवते. शुद्धता वाढते तसा भार वाढतो. चार कोअर असून फारसा उपयोग नाही, कारण मुख्य काम एकाच कोअरवर चालतं.

म्हणून कमी ताकदीच्या यंत्रांसाठी मुद्दाम जुने कोअर जपलेत. मेम २००३ म्हणजे ०.७८ आवृत्ती, मेम २०१० म्हणजे ०.१३९. मेम २००३ प्लस हे ०.७८ च्याच पायावर नंतरच्या गेमची भर घालून केलेलं आहे.

पण गोम अशी की प्रत्येक आवृत्तीचा रॉमसेट वेगळा. फाइलचं नाव तेच, आतल्या चिपच्या नोंदी बदललेल्या. कुणीतरी चिप नव्याने वाचतं, नाव सुधारतं, राहून गेलेली चिप जोडली जाते. नव्या मेमची झिप २००३ ला दिली तर ती चालेलच असं नाही, आणि उलटही तेच. तुमचा संग्रह नव्या मेमचा आहे ना? मग स्ट्रीट फायटरसाठीही एफबी निओ वापरा. तो नव्या नोंदींच्या जवळ राहतो आणि मेमपेक्षा बराच हलका आहे. कॅपकॉम (स्ट्रीट फायटरची कंपनी) आणि निओ जिओ (आणखी एक आर्केड यंत्र) यांच्या गेमसाठी पाय ३ वर मी दुसरं काही लावतच नाही. (निओ जिओ घेतलात तर निओजिओ डॉट झिप त्याच फोल्डरमध्ये ठेवा, आणि उघडू नका.)

पॅक-मॅनबद्दल मला एक संशय आहे. रनकमांड डॉट लॉग (गेम सुरू करतानाची नोंद) उघडून शेवटच्या ओळी इथे टाका.

---

खटपट्या

इंग्रजीत आहे, वाचून देवनागरीत लिहितोय: '८२एस१२३.७एफ नॉट फाउंड, ट्राइड इन पॅकमॅन पकमॅन'. अशाच आणखी तीन ओळी.

पकमॅन कोण?

---

झेडऐंशी

बाप. 🙂

जपानमध्ये १९८० साली तो 'पक-मॅन' नावाने आला, पॅक-मॅन हे अमेरिकेतलं नाव. मेमच्या वंशावळीत पकमॅन मूळ आणि पॅकमॅन त्याचा क्लोन. तुमचा संग्रह 'स्प्लिट' पद्धतीचा आहे. त्यात क्लोनच्या झिपमध्ये फक्त वेगळ्या चिप असतात, समान असलेल्या वडिलांकडेच राहतात. लॉगमधली ८२एस१२३ ही रंगांची छोटी चिप आहे. ती दोघांची एकच, म्हणून तिकडे शोधलं आणि सापडली नाही. पकमॅनची झिप शेजारी ठेवा.

पुढे कधी कोअरवर संशय आला तर ग्रिडली किंवा रॉबी रोटो हे गेम टाकून बघा. मेमच्या संकेतस्थळावर ते बिगरव्यावसायिक वापरासाठी रीतसर मोकळे आहेत. ते चालले तर दोष तुमच्या झिपमध्ये.

---

कोपऱ्यातला

मॉर्टल कॉम्बॅटचं कुणी बोललंच नाही. ५४.७ हाच त्याचा मूळ वेग आहे. मिडवे कंपनीच्या त्या बोर्डाचा मॉनिटरच तेवढ्या वेळा ताजा व्हायचा. तुमचा टीव्ही ६० वर बसलाय, म्हणून सेकंदाला पाचेक फ्रेम दोनदा दाखवाव्या लागतात, तेच गचके. पाय बिचारा पूर्ण वेगात आहे. आयरेम कंपनीच्या आर-टाइप गेममध्येही हेच दिसेल, तो ५५ चा. ६० वर ताणलात तर गेम जवळजवळ दहा टक्के जोरात पळेल आणि आवाज चिरका होईल. मी ताणत नाही.

---

खटपट्या

अपडेट. वायर बदलली, पिवळी वीज गायब. कमांडचं उत्तर आता ०एक्स०. स्ट्रीट फायटर एफबी निओवर ५९.६ ला चिकटून आहे, लेटन्सी परत ६४ केली, ठोशाचा आवाज ठोशाबरोबर येतो. बापाला आणलं, पॅक-मॅन धावतोय. मॉर्टल कॉम्बॅटचे गचके तसेच आहेत, पण कारण कळल्यापासून कमी टोचतात.

आता एकच कटकट. पॅक-मॅन वळणावर अडतो. काठी किंचित तिरकी गेली की तो भिंतीला नाक लावून उभा, आणि मागून भूत.

---

कळफोड्या

तुमची काठी आठ दिशांची, तो गेम चार दिशांच्या काठीचा. काठीच्या खालची रेस्ट्रिक्टर प्लेट (काठी कुठल्या दिशांना जाईल ते ठरवणारी पट्टी) बघा. बऱ्याच काठ्यांमध्ये ती फिरवून चार दिशा करता येतात.

---

खटपट्या

फिरवली, फक्त डावीकडच्या काठीची. पॅक-मॅन लोण्यासारखा वळतो. पण आता त्या बाजूने तिरकं जाताच येत नाही, म्हणजे हाडोकेन निघत नाही.

स्ट्रीट फायटर खेळताना भाचीला डावी बाजू दिली तर तो अन्याय होईल का?

---

झेडऐंशी

होईल. द्या.