‘वेस्ली’ : इंग्रजी आडनावाचे मुलाचे नाव कसे झाले?

नातवाचा आजोबा यांचा प्रश्न

सप्रेम नमस्कार.

माझी मुलगी गेली अनेक वर्षे अमेरिकेत ओहायो राज्यात राहते आणि जावईही तिथलेच आहेत. त्यांना नुकताच मुलगा झाला असून त्याचे नाव त्यांनी ‘वेस्ली’ असे ठेवले आहे. जावयांच्या पणजोबांचे हेच नाव होते, एवढेच कारण मला सांगण्यात आले. दिवाळीत सर्व मंडळी नाशिकला येणार आहेत आणि कागदोपत्री नाव लागलेले असले तरी बारसे आपल्या पद्धतीने येथेच करावे, अशी सौभाग्यवतींची इच्छा आहे.

अडचण अशी की, नाव सांगितल्यावर आपल्याकडे पहिला प्रश्न ‘अर्थ काय?’ असा येतो. मी संगणकावर शोधले तेव्हा ‘पश्चिमेकडील कुरण’ असा अर्थ मिळाला. तो वाचून दाखवल्यावर आमच्या वहिनी म्हणाल्या, “कुरणाचे नाव कोणी पोराला ठेवते का?” हे मुळात आडनाव आहे असे मी पुढे सांगितले, तर थोरले बंधू उद्गारले, “म्हणजे मुलाचे नाव कुलकर्णी ठेवल्यासारखेच झाले की!” या दोन्ही प्रश्नांना माझ्याकडे उत्तर नव्हते.

तेव्हा जाणकारांना विनंती की, या नावाचा खरा अर्थ व इतिहास काय, आडनाव हे पहिले नाव म्हणून ठेवण्याची रीत इंग्रजांत कशी रुजली आणि पत्रिकेवर ‘वेस्ली’ लिहावे की ‘वेझ्ली’, हे कृपया सविस्तर सांगावे.

---

शब्दवेल्हाळ यांचा प्रतिसाद

आजोबा, प्रथम नातवाबद्दल मनःपूर्वक अभिनंदन.

आपल्याला मिळालेला अर्थ बरोबर आहे, मात्र ‘कुरण’ हा शब्द थोडा तोकडा पडतो. या नावाचे दोन तुकडे आहेत. ‘वेस्ट’ म्हणजे मावळतीची दिशा आणि ‘ली’ हा जुन्या इंग्रजीतील ‘लेआह्’ या शब्दाचा झिजलेला अवशेष. ‘लेआह्’ म्हणजे रान, आणि त्याहूनही अधिक, रान तोडून वस्तीसाठी किंवा गुरांसाठी मोकळी केलेली जागा. इंग्लंडमधील शेकडो गावांच्या नावांच्या शेपटीला हा शब्द आहे. स्टॅनली म्हणजे दगडाळ मोकळे रान, ब्रॅडली म्हणजे रुंद, अ‍ॅशली म्हणजे अ‍ॅश नावाच्या झाडांचे, आणि अ‍ॅस्टली म्हणजे उगवतीकडचे. आपल्याकडे एकाच नावाची दोन गावे असली की बुद्रुक आणि खुर्द असा भेद करतात, तसा तिकडे दिशेवरून भेद करीत. सफोक परगण्यात वेस्टली नावाचे गाव आजही आहे. अशा एखाद्या गावातून दुसरीकडे राहावयास गेलेल्या माणसाला ‘तो वेस्टलीचा’ म्हणू लागले आणि कालांतराने तेच त्याच्या वंशाचे आडनाव झाले. याचा अर्थ, ‘वेस्ली’ हे आपल्या ‘कर’ लावलेल्या आडनावांच्या जातीचे आडनाव आहे, कुलकर्णी किंवा देशपांडे यांच्यासारखे हुद्द्यावरून आलेले नव्हे, हे बंधूंना अवश्य सांगावे.

आता थोडे विषयांतर, पण ते केल्याशिवाय राहवत नाही. ‘लेआह्’ या शब्दाचे भाऊबंद दूरवर पसरलेले आहेत. लॅटिनमधील ‘लूकुस’, म्हणजे चक्क देवराई, हा त्याचा एक भाऊ, लिथुआनियन भाषेतील ‘लाउकास’ म्हणजे शेत हा दुसरा, आणि तिसरा भाऊ म्हणजे संस्कृतमधील ‘लोक’. वैदिक भाषेत ‘लोक’ याचा अर्थ मोकळी, प्रशस्त जागा असा होता. जग आणि माणसे हे अर्थ त्याला पुढे चिकटले. तेव्हा आपल्या नातवाच्या नावातील ‘ली’ आणि वहिनी रोज वापरत असलेला ‘लोक’ हा शब्द एकाच कुळातील आहेत.

तरीही कोणीही आपल्या मुलाचे नाव रान आठवून ‘वेस्ली’ ठेवलेले नाही. हे नाव एका माणसामुळे पसरले. जॉन वेस्ली यांचा जन्म १७०३ साली लिंकनशायरमधील एपवर्थ या गावी झाला. त्यांचे आजोबा आपले आडनाव ‘वेस्टली’ असे ‘टी’ हे अक्षर घालून लिहीत. वडील सॅम्युएल यांनी ते अक्षर गाळले. उच्चारात ते आधीच गळले असणार, जसे ‘कासल’ किंवा ‘लिसन’ या शब्दांत ते लिहिले जाते पण बोलले जात नाही. वडील गावच्या चर्चचे धर्मगुरू होते. १७०९ च्या फेब्रुवारीत त्यांच्या राहत्या घराला रात्री आग लागली. बाकीची मुले बाहेर पडली, पण पाच वर्षांचा जॉन वरच्या मजल्यावर अडकला. शिडी आणण्याइतका वेळ नव्हता, म्हणून एका माणसाच्या खांद्यावर दुसरा उभा राहिला आणि त्याने खिडकीतून मुलाला ओढून काढले. पाठोपाठ छप्पर कोसळले. आईने या घटनेत ईश्वरी संकेत पाहिला, आणि ‘जळत्यातून ओढून काढलेले कोलीत’ हा बायबलमधील शब्दप्रयोग जॉन स्वतःबद्दल आयुष्यभर वापरत राहिले.

पुढे ऑक्सफर्डमध्ये त्यांनी आणि धाकटे बंधू चार्ल्स यांनी नेमाने प्रार्थना, उपवास आणि तुरुंगातील कैद्यांच्या भेटी सुरू केल्या, तेव्हा इतर विद्यार्थी त्यांना चिडवण्यासाठी ‘मेथडिस्ट’, म्हणजे पद्धतीचे वेडे, म्हणू लागले. हेच टोपणनाव पुढे त्यांच्या ख्रिस्ती पंथाचे नाव झाले. चर्चची दारे बंद झाली तेव्हा जॉन वेस्ली उघड्या माळावर, खाणकामगारांच्या वस्तीत उभे राहून प्रवचने देऊ लागले आणि घोड्यावरून देशभर फिरले. १७७४ साली त्यांनी गुलामगिरीविरुद्ध पुस्तिका लिहिली. १७८४ साली बाल्टिमोर येथे अमेरिकेतील मेथडिस्ट चर्चची स्वतंत्र स्थापना झाली आणि तेथे हा पंथ घोडेस्वार प्रचारकांच्या मार्फत खेड्यापाड्यांत पोचला.

जॉन वेस्ली यांना मूलबाळ झाले नाही. १७९१ साली ते वारले तेव्हा वंश पुढे चालवणारे त्यांचे कोणी नव्हते, पण मेथडिस्ट आईबाप आपल्या मुलांना ‘जॉन वेस्ली’ हे जोडनाव ठेवू लागले. कोलोरॅडो नदीच्या घळीतून १८६९ साली पहिली मोहीम नेणारे जॉन वेस्ली पॉवेल हे मेथडिस्ट प्रचारकाचे पुत्र, आणि टेक्सासमधील कुप्रसिद्ध बंदूकबाज जॉन वेस्ली हार्डिन हाही मेथडिस्ट प्रचारकाचाच मुलगा! नाव ठेवणे आईबापांच्या हाती असते, एवढेच म्हणू. कालांतराने पुढचा ‘जॉन’ गळून गेला आणि नुसते ‘वेस्ली’ उरले. ओहायोमध्ये हा पंथ चांगला रुजलेला असल्यामुळे जावयांच्या पणजोबांचे हे नाव असणे अगदी स्वाभाविक वाटते.

---

दप्तरदार यांचा प्रतिसाद

वरील प्रतिसाद उत्तम आहे. आजोबांच्या दुसऱ्या प्रश्नाबद्दल थोडी भर घालतो.

आडनाव पहिले नाव म्हणून ठेवण्याची रीत इंग्लंडमध्ये सोळाव्या शतकात, प्रथम सरदार घराण्यांत सुरू झाली. आईचे माहेरचे घराणे मोठे असेल तर त्याचे आडनाव मुलाला देऊन ते नाते मिरवले जाई. त्यातून वारशाचा हक्क सांगण्याचीही सोय होई. नऊ दिवसांची राणी म्हणून प्रसिद्ध असलेल्या लेडी जेन ग्रे हिचा पती गिल्डफर्ड डडली हे याचे ठळक उदाहरण होय, कारण ‘गिल्डफर्ड’ हे त्याच्या आईचे माहेरचे आडनाव. १५५४ साली दोघांचाही शिरच्छेद झाला. पुढे ‘डडली’ हेही मुलाचे नाव झाले, ही गंमत वेगळीच. विल्यम कॅम्डेन या इतिहासकाराने १६०५ मध्ये या रीतीची नोंद करताना ती इतर ख्रिस्ती देशांपेक्षा इंग्लंडमध्येच विशेष दिसते, असे म्हटले आहे. फ्रान्समध्ये तर १८०३ च्या कायद्याने पंचांगातील संतांची किंवा प्राचीन इतिहासातील व्यक्तींची नावेच ठेवण्याची मुभा होती आणि हे बंधन १९९३ पर्यंत कोणत्या ना कोणत्या रूपात टिकले. तात्पर्य, जी रीत इंग्रजांना साधी वाटते, ती फ्रेंच कारकुनाने नोंदवूनही घेतली नसती.

याच ‘वेस्ली’ आडनावाचा एक माणूस आपल्या इतिहासात ठाण मांडून बसलेला आहे, हे मात्र बारशाला सांगावे की नाही ते आजोबांनी ठरवावे. आयर्लंडमधील गॅरेट वेस्ली या निपुत्रिक जमीनदाराची मालमत्ता १७२८ साली रिचर्ड कॉली या नातलगाकडे गेली आणि त्याने वेस्ली हे आडनाव घेतले. त्याआधी गॅरेट वेस्ली यांनी जॉन वेस्लींचे बंधू चार्ल्स यांना वारस करण्याची तयारी दाखवली होती आणि चार्ल्स यांनी नकार दिला, अशी कथा सांगतात. या रिचर्डचा नातू आर्थर वेस्ली १७९७ साली लष्करी अधिकारी म्हणून हिंदुस्थानात आला. पुढच्याच वर्षी थोरल्या भावाने घराण्याचे जुने, लांब रूप पुन्हा स्वीकारले आणि आर्थर ‘वेलस्ली’ झाला. जालना जिल्ह्यात, केळणा आणि जुई या नद्यांच्या बेचक्यात, २३ सप्टेंबर १८०३ रोजी शिंदे आणि भोसले यांच्या फौजांशी असईची लढाई लढला तो हाच, आणि वॉटर्लूला नेपोलियनचा पराभव करणारा ड्यूक ऑफ वेलिंग्टनही हाच. आडनाव बदलायला एक वर्ष उशीर झाला असता, तरी आपल्या पाठ्यपुस्तकांत वेलस्लीच छापले गेले असते; सहा वर्षे उशीर झाला असता, तर असईचा विजेता ‘वेस्ली’ ठरला असता.

उच्चाराविषयी : ‘स’ आणि ‘झ’ हे दोन्ही उच्चार इंग्रजीत चालतात. घरात आईवडील मुलाला जशी हाक मारतात तोच उच्चार पत्रिकेवर लिहावा.

---

नातवाचा आजोबा

दोघांचेही मनापासून आभार. मुलीला रात्री फोन करून विचारले. घरी ‘स’च म्हणतात आणि लाडाने ‘वेस’. वहिनींना ‘लोक’ शब्दाचे नाते फार आवडले. बंधूंचे मात्र अजूनही म्हणणे असे की, आपल्याकडे आडनाव कधीच पहिले नाव होत नाही. याला काही उत्तर आहे का?

---

उत्तर वसईकर यांचा प्रतिसाद

काका, याला उत्तर आहे आणि ते आमच्या वसईत दारोदारी हाक मारल्यावर ‘ओ’ देते.

आमच्याकडे आणि गोव्यात ‘झेवियर’ हे नाव किती रूढ आहे, ते सांगायला नको. आम्ही ते पिढ्यान्‌पिढ्या ठेवत आलो, पण ते मुळात गावाचे नाव आहे, हे फार थोड्यांच्या लक्षात असते. संत फ्रान्सिस झेवियर यांचा जन्म १५०६ साली नव्हारे प्रांतातील झेवियर (आजच्या स्पॅनिश उच्चाराप्रमाणे ‘हावियेर’) येथील गढीत झाला. हा शब्द बास्क भाषेतील ‘एत्शे बेरी’ यावरून आला असून त्याचा अर्थ ‘नवे घर’ असा आहे. आमच्या वसईत नवघर नावाचे गाव आहे, तसेच ते. त्या नवघरचे फ्रान्सिस संत झाले, जुन्या गोव्यातील बॉम जेझूच्या बॅसिलिकेत त्यांचे शव ठेवलेले आहे, आणि त्यांच्या गावाचे नाव आमच्या मुलांना लागले. येथेही आधी ‘फ्रान्सिस झेवियर’ असे जोडनाव असे आणि मग पुढचा भाग गळून नुसता ‘झेवियर’ उरला. म्हणजे ‘जॉन वेस्ली’ची वाट आमच्या ‘फ्रान्सिस झेवियर’ने आधीच चालून ठेवली होती.

बंधूंना हे परक्यांचे उदाहरण वाटले, तर अस्सल मराठी आडनावाचे उदाहरण द्यावे. रत्नागिरी जिल्ह्यात मंडणगड तालुक्यात आंबडवे नावाचे गाव आहे. त्या गावावरून जे आडनाव तयार झाले, ते बाबासाहेबांमुळे जगाला ‘आंबेडकर’ म्हणून ठाऊक झाले. महाराष्ट्रात आपण मुलाचे नाव भीमराव ठेवतो, परंतु आंध्र, तेलंगण आणि तामिळनाडू येथे ‘आंबेडकर’ हेच मुलाचे पहिले नाव म्हणून ठेवलेले आढळते आणि तमिळमध्ये त्याचे ‘अंबेत’ असे छोटे रूपही प्रचलित आहे. त्या आईबापांपैकी कितीजणांनी आंबडवे नकाशावर शोधले असेल? त्यांना गाव नको होते, माणूस हवा होता. जावयांच्या पूर्वजांनी नेमके हेच केले आहे.

म्हणून माझे मत असे की, इंग्रजी नावाबाबत ‘अर्थ काय’ यापेक्षा ‘कोणाच्या आठवणीत’ हा प्रश्न विचारावा. आपण नावात आशीर्वाद पाहतो, ते लोक नावात पूर्वज पाहतात. अर्थात आपल्याकडेही नातवाला आजोबांचे नाव ठेवताना कोणी शब्दकोश उघडत नाही.

---

दुसरी स्लिप

एवढ्या चर्चेत क्रिकेट कोणालाच आठवू नये, याचे आश्चर्य वाटते. आजोबांच्या पिढीने ‘वेस हॉल’ हे नाव धडकी भरत ऐकले असेल. वेस्ट इंडिजच्या या तेज गोलंदाजाचे पूर्ण नाव वेस्ली विनफील्ड हॉल. त्यांनी पहिली कसोटी खेळली तीच मुळी मुंबईत, ब्रेबॉर्न स्टेडियमवर, नोव्हेंबर १९५८ मध्ये, आणि त्या पाच कसोटींच्या मालिकेत आपले तब्बल ३० फलंदाज बाद केले. पुढे ते बार्बाडोसमध्ये मंत्री झाले आणि धर्मोपदेशकही झाले.

---

नातवाचा आजोबा

वेस हॉल! थोरल्या बंधूंनी त्या मालिकेचे धावते वर्णन रेडिओला कान लावून ऐकले होते. आत्ता त्यांना दूरध्वनीवर सांगितले, तर क्षणभर गप्प राहिले आणि मग म्हणाले, “अरे, मग हे आधी का नाही सांगितलेस?” पत्रिका उद्या छापायला जाईल. तीवर ‘चि. वेस्ली’ असे लिहीत आहे आणि पाळण्यापाशी कानात नाव सांगण्यासाठी मुलाच्या आत्याचा उच्चार ओहायोहून पक्का करून घेतला जाईल, कारण ती तिथलीच आहे आणि ‘कुर्र’ कसे करायचे हे तिला अद्याप कोणी शिकवलेले नाही.