डिसेंबरात सासू-सासरे येतायत : दिवसभराची स्पीडबोट, ३-४ बेटं. कोणी केलीय का? (बजेट माणशी १५००)

डिचोलीकरीण
नमस्कार मंडळी. डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात साताऱ्याहून सासू-सासरे, नणंद आणि तिचा सात वर्षांचा मुलगा येतायत. आम्ही दोघं धरून सहा जण. मला गोव्यात येऊन अकरा वर्षं झाली, पण समुद्रात गुडघ्याच्या वर कधी गेले नाही. डिचोलीत राहणाऱ्याला समुद्र म्हणजे पाहुणे आले की दाखवायची वस्तू.

सासरे ७१. एसटीत ड्रायव्हर होते, अख्खी नोकरी घाटात गेली. भाच्याने स्पीडबोटीचा व्हिडिओ दाखवल्यापासून फोनवर आधी "बोटीचं काय झालं?" आणि मग "कशी आहेस?". उजवा गुडघा दुखतो, बीपीची गोळी चालू आहे, बाकी ठणठणीत. सासूबाई शाकाहारी.

सकाळी निघून संध्याकाळी परत, तीन-चार बेटं, मध्ये जेवण, असं पॅकेज कोणी केलंय का? कुठून बसायचं? माणशी १५०० च्या वर जायचं नाही. कृपया "त्यापेक्षा घरीच बसा" असं सांगू नका.

पुणेरी_पर्यटक
आयलंड हॉपिंग करायचं तर फुकेत. आम्ही गेल्या फेब्रुवारीत तिथून फी फी बेटं केली. मागे तीन इंजिनं, बोट अक्षरशः उडते. तिथला माया बे साडेतीन वर्षं बंद ठेवून २०२२ मध्ये उघडला, आता बोटी आत सोडतच नाहीत. मागच्या बाजूला उतरून चालत जायचं. पाणी असं की वीस फुटांवरचा मासा वरून मोजा. नॅशनल पार्कची फी वेगळी, ४०० बात. गोव्यात बेटं आहेत कुठे?

डिचोलीकरीण
सासऱ्यांचा पासपोर्ट नाही. आणि १५०० रुपये म्हणाले मी.

सुशेगाद_माणूस
मी केलीय, ग्रँड आयलंडची. नेरूळच्या कोको बीचवरून. पाटीवर "४ आयलंड, स्नॉर्कलिंग, फिशिंग, डॉल्फिन, अनलिमिटेड लंच". आता खरं काय झालं ते ऐका.

साडेआठला बोलावलं, बोट सुटली पावणेदहाला, कारण कुठल्या तरी हॉटेलचे आठ जण उठलेच नव्हते. नाश्त्याला थंड सामोसा. अग्वाद किल्ल्याच्या खालून जाताना डॉल्फिनसाठी थांबलो. तिथे आधीच चौदा-पंधरा बोटी गोल करून उभ्या. डॉल्फिन एकदा पाठ दाखवायचा की सगळ्या बोटी तिकडे. मी डॉल्फिन असतो तर गोवा सोडला असता. पुढे मुरगांव बंदराबाहेर नांगरलेली कोळशाची जहाजं बघत बेटापाशी. बेटावर उतरवलंच नाही, बाजूला नांगर टाकला. स्नॉर्कलिंग म्हणजे लाइफ जॅकेट घालून पाण्यात तरंगायचं आणि एका पोराने तुमचा पट्टा धरायचा, सात मिनिटं. पाणी हिरवं, गढूळ. फिशिंगला दोरा-गळ दिला, सव्वीस माणसांत एक मासा, बोटाएवढा. बॅट आयलंड लांबून दाखवलं आणि "हे दुसरं" म्हणाले.

आणि हो, ती स्पीडबोट नव्हती. साधी फायबरची बोट, मागे बाहेरून लावलेलं एकच इंजिन. माणशी १८०० घेतले.

कुडाळचो_झिल
गे बाय, गोव्यात पैशे कित्याक घालवतंस? मालवणाक ये. देवबागेत होडी घे. संगम, त्सुनामी आयलंड, डॉल्फिन, मगे सिंधुदुर्ग किल्लो, सगळा एका दिवसात. जेवण घरगुती. साताऱ्याच्या माणसाक महाराजांचो किल्लो दाखव, चुन्यातलो हातापायाचो ठसो दाखव. ती बेटां काय करूची हत?

तळ्यातमळ्यात
त्सुनामी आयलंड हे बेट नाही. कर्ली नदीच्या तोंडाशी साठलेली वाळू आहे. भरतीला निम्मं गायब.

कुडाळचो_झिल
२००४ च्या त्सुनामीत वर इला ता. माझ्या काकान डोळ्यांनी बघल्यान.

तळ्यातमळ्यात
नदीच्या मुखाशी वाळूचे दांडे होतात आणि मोडतात, त्याला त्सुनामी कशाला लागते? नाव पर्यटकांसाठी आहे. आणि तिथे भजी आणि जेट स्कीशिवाय काय आहे?

कुडाळचो_झिल
भजी चांगली असतत.

माशेलची_मामी
भांडू नका हो, तिला उत्तर द्या. ताई, मी "नको" म्हणणार नाही, पण आमचं ऐका. तीन वर्षांपूर्वी माझे दीर हौसेने स्पीडबोटीत अगदी पुढे बसले. फोटो चांगले येतात म्हणून. परतताना दुपारचे अडीच-तीन वाजले, वारा सुटलेला. बोट एका लाटेवरून उडाली आणि धाडकन खाली. ते सीटवरून वर उचलले गेले आणि बुडावर आपटले. पाणी नाही, रक्त नाही, काही दिसलं नाही. रात्री बाथरूमला उठता येईना. कण्याच्या मणक्याला चीर, कमरेला पट्टा, अडीच महिने. वय तेव्हा ५८.

त्यामुळे सासऱ्यांना मागे, इंजिनाच्या पुढच्या बाकावर बसवा. नाळेकडे, म्हणजे बोटीच्या पुढच्या टोकाला, अजिबात नाही. मागे आवाज होतो, पेट्रोलचा वास येतो, पण आपटत नाही. आणि दुपारी एकच्या आत परत या. सकाळी मतलई वारा (जमिनीकडून समुद्राकडे) असतो, समुद्र तेलासारखा. जेवायच्या वेळेपासून खारा वारा (समुद्राकडून) चढतो, मग तीच बोट तीच माणसं, पण घोड्यावर बसल्यासारखं. दिवसभराचं पॅकेज म्हणजे परतीचा प्रवास नेमका त्या वेळी.

फेणीविरहित
मागे बसा. पुढे आपटतं.

सुशेगाद_माणूस
तेच मामींनी सांगितलं की.

फेणीविरहित
मी दुजोरा देतोय. आणि आदल्या रात्री ॲव्होमिन, ती बोट न लागायची गोळी, घ्या, सगळ्यांनी. मला बस लागते, बोट लागते, एकदा आकाशपाळणासुद्धा लागला होता.

गोळीऔषध
आदल्या रात्री नव्हे, निघायच्या तासभर आधी. आणि त्याने गुंगी येते. ७१ वर्षांचा माणूस, बीपीची गोळी चालू, गुडघा दुखतोय, त्याला गुंगीत हलत्या बोटीतून उतरवणार का? आपल्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय काहीही देऊ नका. पोराला तर नाहीच. उपाशी जाऊ नका, तळलेलं खाऊन जाऊ नका, नजर लांब क्षितिजावर ठेवा, मोबाईल बघू नका.

फेणीविरहित
लिंबू चालेल ना? लिंबू हुंगायचं.

गोळीऔषध
हुंगा.

काणकोणचो
सगळे उत्तरेतच का अडकलेत? पाळोळ्याला या. छोटी बोट अख्खी आपली घ्यायची, बटरफ्लाय बीच, हनिमून बीच, वाटेत डॉल्फिन. डॉल्फिनभोवती जत्रा नाही. ओहोटीला पाळोळ्याच्या टोकाचं काणकोण बेट तर पाण्यातून चालत जाऊन करता येतं, बोटसुद्धा नको. फक्त भरती-ओहोटीची वेळ बघून निघा. बटरफ्लायला भरतीत वाळू उरत नाही. अमावस्या-पौर्णिमा टाळून अष्टमीच्या आसपास आलात तर पाणी कमी चढतं-उतरतं.

तुमच्या बजेटमध्ये बसेल, उलट पैसे उरतील.

सुशेगाद_माणूस
डिचोलीहून पाळोळे म्हणजे अडीच तास. म्हाताऱ्या माणसाचा गुडघा गाडीतच जाईल.

काणकोणचो
एसटी चालवलेल्या माणसाला अडीच तास सांगता?

दिवाडप्रेमी
मला राग येतो तो याचा, की बेट म्हटलं की लोकांना ग्रँडच आठवतं. मांडवीतल्या बेटांवर माणसं राहतात हो. चोडण, दिवाडी. रायबंदरहून चोडणला फेरी, सलीम अली पक्षी अभयारण्य, खारफुटीतून होडी. आणि डिचोलीकरांना तर नार्व्याहून दिवाडी समोरच. सप्तकोटेश्वर मुळात दिवाडीचा. पोर्तुगिजांनी देऊळ पाडलं म्हणून देव नदी ओलांडून नार्व्याला आला, आणि १६६८ मध्ये शिवाजी महाराजांनी ते देऊळ पुन्हा उभं केलं. साताऱ्याच्या माणसाला हे दाखवा. सहा जणांचा खर्च चहासकट पाचशेच्या आत.

डिचोलीकरीण
नार्व्याला दर वेळी नेतो त्यांना. गेल्या वेळी म्हणाले, "देव बघितला, आता बोट."

दोन_पोरांचा_बाप
सगळे सासऱ्यांवर बोलतायत, पोराचं कोणी विचारलं नाही. सात वर्षांच्या मुलाला मोठ्यांचं जॅकेट चालत नाही. आमच्या धाकट्याला दिलं होतं तसंच. बायकोने सहज दोन्ही खांद्यांना धरून वर ओढलं तर जॅकेट कानापर्यंत आलं, पोरगं आत लोंबकळतंय. पाण्यात पडला असता तर जॅकेट वर आणि पोरगं खाली. लहान मुलांच्या जॅकेटला दोन पायांमधून जाणारा पट्टा असतो, तो बघा. नसेल तर बोटीत चढू नका, मग पैसे परत मिळोत न मिळोत. आम्ही नाही चढलो. पैसे नाही मिळाले.

दुसरं, धक्क्यावरून चढवतात की वाळूवरून, ते आधी विचारा. वाळूवरून असेल तर मांडीएवढ्या पाण्यात उभं राहून पाय वर टाकायचा असतो. आमच्या वेळी लाल प्लास्टिकचं स्टूल ठेवलं होतं. माझ्या आईने पाय ठेवला की स्टूल वाळूत इंचभर आत, लाट गेली की वाकडं. शेवटी दोन पोरांनी तिला उचलून गादीसारखी आत ठेवली. ती अजून सांगते, हसून. मला त्या दिवशी हसू आलं नव्हतं.

माशेलची_मामी
हे खरं महत्त्वाचं. गुडघा वेगाने नाही, चढण्या-उतरण्याने दुखणार.

सावध_राहा
२०२४ च्या नाताळाच्या दिवशी कळंगुटला पर्यटकांची बोट उलटली, एक माणूस गेला. सगळे विसरले. बोटीला कॅप्टन ऑफ पोर्ट्सचा (सरकारी बंदर खात्याचा) रजिस्ट्रेशन नंबर आहे का, किती माणसांची परवानगी आहे आणि प्रत्यक्षात किती कोंबलीत, मोजा. किनाऱ्यावर पाठीमागे लागणाऱ्या दलालाला एक पैसा देऊ नका. माझं मत विचाराल तर घरीच बसा.

डिचोलीकरीण
😀 हेच सांगू नका म्हणाले होते.

पुणेरी_पर्यटक
फुकेतला बोटीत चढायला पाण्यावर तरंगता धक्का असतो, सांगायचं राहिलं.

डिचोलीकरीण
मंडळी, ठरलं. तुम्ही सगळ्यांनी ओरडायच्या आधी सांगते, दिवसभराचीच घेतली, स्पीडबोटच घेतली, आणि माणशी २२०० ला घेतली. छोटी बोट, मालवण, दिवाडी सगळं घरात वाचून दाखवलं. सासरे शांतपणे ऐकून म्हणाले, "तुमच्या त्या लोकांना सांग, मी तीन तास लाल डब्यात बसून पर्यटन केलंय आयुष्यभर. मला पळणारी बोट पाहिजे." वरचे ७०० ते स्वतः देणार आहेत, सगळ्यांचे. धक्क्यावरून चढवणारी शोधली, मुलाचं पट्ट्याचं जॅकेट आहे का ते फोटो मागवून बघितलं. एवढं ऐकलं तुमचं.

सुशेगाद_माणूस
चार बेटं मोजून घ्या.

काणकोणचो
बावीसशे! सहा जणांचे तेरा हजार दोनशे. त्यात मी तुम्हाला पाळोळ्यात राहायची खोलीसुद्धा दिली असती.

डिचोलीकरीण
जाऊन आलो. कालच. सांगितलं नाही तर तुम्ही सोडणार नाही.

समुद्र सकाळी खरंच तेलासारखा होता. सासऱ्यांना मागे बसवलं. त्यांनी बसल्या बसल्या ड्रायव्हरला विचारलं, "गिअर किती?" तो म्हणाला, पुढे, मागे आणि मध्ये न्यूट्रल. "क्लच?" नाही. "ब्रेक?" नाही. मग जी काही तोंडावर तुच्छता आली ती परत येईपर्यंत गेली नाही. पण पाऊण वाटेवर बघते तर त्यांचा उजवा पाय फळीवर ब्रेक दाबत होता, प्रत्येक लाटेला. संध्याकाळी गुडघा दुखला तो त्याने. चढताना-उतरताना काही झालं नाही.

चार बेटांपैकी पाय एकाला लागला, अर्धा तास. एक लांबून, एकाच्या बाजूने, आणि चौथं कोणतं ते मला अजून कळलेलं नाही. नवऱ्याला बोट लागली. लिंबू हुंगून काही होत नाही. सासूबाईंसाठी शाकाहारी जेवण सांगितलं होतं, ते म्हणजे मासळीच्या कालवणातला मासा काढून दिलेला रस. त्यांनी डब्यातली दशमी-चटणी काढली आणि बोटीवरच्या दोन पोरांनाही दिली. येताना वारा होता, मामी म्हणतात तसा. भाचा प्रत्येक आपटीला "अजून" ओरडत होता.

पैसे वसूल का? नाही. पुढच्या वर्षी परत जायचं म्हणतायत.

फेणीविरहित
लिंबू ताजं होतं का?

नवीन_सदस्य_४१
ताई, आम्ही जानेवारीत आठ जण येतोय नाशिकहून. सगळा धागा वाचला नाही. चांगली स्पीडबोट कुठे मिळेल? बजेट माणशी हजार. नंबर व्यनि (खासगी निरोप) करा.

कुडाळचो_झिल
मालवणाक येवा.