‘देअर्ज अ रायट गोइन ऑन’चा गढूळ आवाज
‘देअर्ज अ रायट गोइन ऑन’ या अल्बमचा आवाज गढूळ, म्हणजे अस्पष्ट आणि दबलेला आहे आणि म्हणूनच तो त्या काळी फसला, असा एक दावा आहे. त्यातील पहिले विधान मान्य, दुसरे मात्र वस्तुस्थितीला धरून नाही. नोव्हेंबर १९७१ मध्ये आलेला स्लाय अँड द फॅमिली स्टोन या अमेरिकी बँडचा हा अल्बम बिलबोर्ड या अमेरिकी नियतकालिकाच्या लोकप्रियतेच्या यादीत पहिल्या क्रमांकावर पोहोचला आणि त्यातील ‘फॅमिली अफेअर’ हे गाणेही. दुमत होते ते समीक्षकांत. १९६९ च्या ‘स्टँड!’ या त्यांच्या आधीच्या अल्बममधील उत्साहाची सवय झालेल्या अनेकांना हा खिन्न, सुस्तावलेला सूर पचला नाही.

गढूळपणाचे मूळ कामाच्या पद्धतीत आहे. बँडचा प्रमुख स्लाय स्टोनने बरीचशी वाद्ये स्वतःच वाजवून त्याच टेपवर पुनःपुन्हा ध्वनिमुद्रण केले, पुसले, पुन्हा भरले. शिवाय ड्रमवादक ग्रेग एरिको बँडमधून बाहेर पडल्यावर अनेक ठिकाणी ड्रम मशीन, म्हणजे आपोआप ठेका वाजवणारे यंत्र वापरले. एरवी ऑर्गनवादकांच्या साथीपुरते समजले जाणारे हे यंत्र त्याने फंक या तालप्रधान संगीतप्रकाराचा कणा बनवले, आणि माझ्या मते हेच या अल्बमचे खरे कर्तृत्व आहे. संगीतकारांवरील स्लायच्या प्रभावाविषयी एवढेच सांगतो, की जॅझ पियानोवादक हर्बी हॅनकॉकने १९७३ च्या ‘हेड हंटर्स’ या आपल्या अल्बममधील एका रचनेला ‘स्लाय’ असे नाव दिले.