यान गरागरा फिरवलं तर वजन येईल ना?

गच्चीवरचा: काल लेकीला पाण्याची बादली गरागरा फिरवून दाखवली, थेंब सांडला नाही. (शेवटी हात दुखला आणि सगळी गच्ची भिजली, ते सोडा.) मंगळावर जाणारं यान असंच का फिरवत नाहीत?

चक्रधर: मिनिटाला २ फेरे आणि पृथ्वीइतकं वजन हवं, तर यानाच्या फिरत्या चाकाची त्रिज्या जवळपास २२४ मीटर लागते. लहान चाक जोरात फिरवलं की मान वळवताच भोवळ.

गच्चीवरचा: मग दोन यानं दोरीने बांधून?

जुनाखगोल: १९६६ साली जेमिनी ११ या अमेरिकन यानाने केलंय! ॲजिना या बिनमाणसांच्या यानाला ३० मीटरच्या पट्ट्याने बांधून सावकाश फिरवलं. अंतराळवीरांना काहीच जाणवलं नाही, पण पुढे सोडलेला कॅमेरा आपोआप मागे सरकत गेला.

गच्चीवरचा: कॅमेरा सरकला? लेकीला उठवतोच.