बांध कोरला, मोजणी झाली, तरी शेजारी मागे सरकत नाही. कोणता दावा टाकायचा? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी, मी चोपडा तालुक्यातला, नोकरी नाशिकला, गावी आई आणि मोठा भाऊ असतात. वाटणीत आलेलं 1 हेक्टर 62 आर शेत आहे, अर्ध्यात कांदेबाग केळी, बाकी कापूस. पूर्वेला चुलत काकांचं शेत, आम्ही त्यांना आबा म्हणतो. दरवर्षी नांगरटीला एकेक तास (नांगराची ओळ) करत त्यांनी बांध आमच्याकडे सरकवला, आणि वडील म्हणायचे जाऊ दे, भाऊबंदकीत पडायचं नाही. वडील 2021 ला गेले. मग आम्ही हद्द कायम मोजणी लावली, सगळ्या लगतदारांना नोटिसा गेल्या, मोजणीच्या नकाशाची क प्रत हातात आली, त्यात 7 आर त्यांच्याकडे निघालं. आबांनी सही नाही केली. आणि मागच्या महिन्यात खरंच हद्द झाली, त्यांच्या पोरानं जेसीबी आणून बांधावरचा निंब पाडला, खुणेचे दगड उपटले, आणखी दोनेक आर आत घुसला. भाऊ विचारायला गेला तर म्हणे, "तुले जे करनं शे ते करी ले."

पोलिसांनी एनसी (अदखलपात्र तक्रार) घेतली न म्हणाले दिवाणी मॅटर आहे. तहसीलवाले म्हणतात कोर्टात जा. वकील म्हणू राहिले मनाई हुकमाचा दावा टाकून देऊ. पण जमीन तर आधीच त्याच्या ताब्यात गेली, मग मनाई कशाची? का माझंच काही चुकतंय? सातबारा आमच्याच नावावर आहे.

तापीकाठ : भाऊ, तुमची शंका बरोबर आहे. नुसती मनाई ही ज्याच्याकडे ताबा आहे त्याच्यासाठी. ताबा गेलाय तर ताबा परत मिळण्याचा दावा लागतो, आणि समोरचा मालकीच नाकारत असेल तर मालकी जाहीर करून मागायची, ताबा मागायचा आणि वर कायमची मनाई, हे सगळं एकाच दाव्यात. सुप्रीम कोर्टाचा 2008 चा अनाथुला सुधाकर निकाल याच विषयावर आहे, वकिलांना तो माहीत असणारच, पण विचारून बघा. नुसतं जाहीर करून मागितलं न ताबा मागायचा राहिला तर विशिष्ट अनुतोष कायद्याचं कलम 34 आडवं येतं. मी हे पारोळ्याला भोगलंय, दावा दुरुस्त करण्यातच वर्ष गेलं.

आणि सातबाऱ्यावर फार विसंबू नका. तो महसुलाचा कागद, उलट पुरावा येईपर्यंत खरा धरतात, एवढंच. वाटणीपत्र, फेरफार, गटाचा नकाशा, जमीन एकत्रीकरण योजनेचे 9(3) 9(4) चे उतारे, हे काढून ठेवा.

मोजणीवाले_नाना : मी भूमी अभिलेखमधून रिटायर झालो. क प्रत चांगली आहे पण आबा निमताना मोजणी, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, मागू शकतात, तयारी ठेवा. कोर्टात गेल्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 26 रूल 9 खाली कोर्ट कमिशनर मागा, हद्दीच्या भांडणात बहुतेक आमच्याच खात्याचा माणूस नेमतात. त्या दिवशी स्वतः शेतात उभं राहा बरं, नाशिकहून फोनवर नाही चालत. पाडलेल्या निंबाचा बुंधा असेल तर उचलू देऊ नका, फोटो काढा.

तापीकाठ : नानांच्या बोलण्यात भर घालतो. मागच्या महिन्यात जे दोन आर गेलं ते वेगळं धरा. मर्जीविरुद्ध कायदा डावलून ताबा काढला तर विशिष्ट अनुतोष कायद्याच्याच कलम 6 खाली सहा महिन्यांच्या आत दावा टाकता येतो, तिथं मालकीचा कीस पाडत नाहीत, आधी ताबा कोणाचा होता एवढंच बघतात, आणि निकालावर अपील पण नाही. सहा महिने कसे जातात कळत नाही भो. जुन्या 7 आरसाठी खरा प्रश्न वेगळाच, बांध सरकायला सुरुवात कोणत्या साली झाली? आबा 12 वर्षांचा विरोधी कब्जा सांगतील, म्हणजे इतकी वर्षं ताबा आमचा, आता जमीनही आमचीच. उघडपणे, तुम्हाला माहीत असताना, तुमची मालकी नाकारून ताबा ठेवला हे त्यांनाच सिद्ध करावं लागेल, तरी साल तुमच्या बाजूनं पक्कं पाहिजे. दावा टाकतानाच ऑर्डर 39 खाली तात्पुरती मनाई मागा, नाहीतर तोवर तिथं शेड उभं राहील.

धागाकर्ता : नाना, तापीकाठदादा, लई उपकार. काल आईनं वडिलांची ट्रंक उघडली त्यात तहसीलला दिलेला अर्ज सापडला, 2017 चा, पोचचा शिक्का आहे. लिहिलंय, "यंदा नांगरटीत बांध सरकवला आहे". जाऊ दे म्हणायचे न गुपचूप अर्ज देऊन आले होते. याचा उपयोग होईल का?

तापीकाठ : अर्जानं मुदत थांबत नाही, ती दावा टाकल्यावरच थांबते. पण तारीख तर मिळाली ना! सुरुवात 2017 ला धरली तर 12 वर्षं 2029 ला होतात. मूळ कागद जपा, वकिलाला सध्या झेरॉक्स द्या, आणि तहसीलमधून त्याची नक्कल मागून ठेवा.

मोजणीवाले_नाना : आणि ट्रंक पूर्ण बघा. जुना माणूस एकच अर्ज देऊन गप नसतो बसत.