अनुभव धागा : पॉडकास्ट ऐकताना तुमचे हात कशात गुंतलेले असतात?

सोलापुरात राहून मी मराठी पॉडकास्टचं ध्वनिसंपादन करतो. लोक बोलतात, मी ते कापतो, जोडतो, आवाज सारखा करतो. आमच्या एका मालिकेचे आकडे बघताना दिसलं की बरेच श्रोते भाग मध्येच सोडून जातात. कितव्या मिनिटाला सोडलं ते दिसतं, का सोडलं ते दिसत नाही. म्हणून ओळखीच्या माणसांना विचारत फिरलो. आमच्या गल्लीतल्या एका मावशींनी पहिलंच उत्तर दिलं, "आवडलं नाही असं नाही रे बाबा. हात तंबाखूचे होते. मधेच कसलीतरी जाहिरात मोठ्यानं लागली, शेवटी सुनेला हाक मारून बंदच करायला लावलं."

हे माझ्या डोक्यात कधी आलंच नव्हतं. मी बंद खोलीत, चांगला हेडफोन लावून, समोर पडदा ठेवून ऐकतो. श्रोता चुलीपुढं असतो, मागावर असतो, गाडीवर असतो. हात मोकळे असते तर तो व्हिडिओच बघत बसला असता. ज्याचे हात गुंतलेत त्याच्यासाठी आपण हे करतो, आणि प्रत्येक भागात त्यालाच चार वेळा फोनकडं हात न्यायला लावतो.

तर लिहा. काय करता करता ऐकता, कुठं अडतं, कुठं सोडून देता. कार्यक्रमाचं किंवा कंपनीचं नाव घालू नका, काय झालं तेवढं सांगा. लांबलं तरी चालेल.

विडी घरकुल

आई विड्या वळते. पानं आदल्या रात्री भिजवायची, सकाळी कात्रीनं कापायची, मग मांडीवर सूप घेऊन बसायचं ते दुपार कलेपर्यंत. तंबाखू लागलेलं बोट फोनच्या काचेवर नीट चालत नाही, आणि चाललं तरी तिला फोन खराब करायचा नसतो. म्हणून मी कामाला निघताना तिला भाग लावून देते आणि फोन कोनाड्यात ठेवते. ती विड्यांच्या हिशोबात ऐकते. एखादा भाग आवडला की संध्याकाळी म्हणते, "त्या बाईचं ऐकता ऐकता शंभर झाल्या, कळलंच नाही."

दोन गोष्टी सांगते. एक, आपण लावलेलं संपलं की ॲप स्वतःच्या मनानं काहीही लावतं. एकदा तिला अर्धा तास एका खुनाची हिंदीतली गोष्ट ऐकावी लागली, सगळं तपशीलवार. शेजारच्या अक्का आल्या तेव्हा बंद झालं. त्या रात्री ती जेवली नाही. दुसरं, एका कथामालिकेचा शेवटचा भाग आधी लागला. नवीन ते वर, जुनं ते खाली, असा ॲपचा क्रम. बारा भागांची गोष्ट आणि नवरा परत येतो हे तिला पहिल्याच दिवशी कळलं. मला त्याचं अजून वाईट वाटतं. ती आठवडाभर वाट बघून ऐकणारी बाई आहे.

(धागाकर्ता) क्रमाची चूक बहुतेक वेळा आम्हा करणाऱ्यांची असते. पॉडकास्ट ज्या फीडमधून, म्हणजे भागांची यादी असलेल्या फाइलमधून, ॲपकडं जातो, त्यात मालिका 'क्रमवार' आहे की भाग सुटे आहेत हे सांगायची सोय आहे. क्रमवार म्हटलं तर जी ॲपं ती खूण वाचतात ती पहिल्या भागापासून दाखवतात. न सांगितलं तर सुटे समजून नवीन भाग वर येतो. बरेच जण तो रकाना तसाच सोडतात. आमच्या दोन कथामालिका मी काल तपासल्या. एकीत तसाच सोडलेला होता. दुरुस्त केला.

अक्कलकोट रोड एमआयडीसी

मी टॉवेलच्या मागावर आहे. शेडमध्ये शेजारच्याला काय सांगायचं तर कानात ओरडावं लागतंय. दोन वर्षं मी कानात इयरफोन घालून, आवाज पूर्ण वाढवून ऐकायचो. धोट्याच्या खटखटीवर माणसाचा आवाज चढायचा तर दुसरं काय करणार? पुढं रात्री झोपताना कानात शिट्टी वाजायला लागली. तपासायला गेलो तर डॉक्टरांनी विचारलं, मागाचा आवाज कमी होता म्हणून त्यात भर घातली का? कारखान्याच्या नियमात आठ तासांना ९० डेसिबलची मर्यादा आहे, हे मला तिथं पहिल्यांदा कळलं. इयरफोननं गोंगाट कमी होत नाही, त्याच्यावर अजून एक आवाज चढतो. आता शेडमध्ये ऐकणं बंद. कानात घालायचं ते बोळे. जाता-येता आणि जेवणाच्या सुट्टीत ऐकतो.

जे कोणी मागावर आहेत त्यांनी हे मनावर घ्या, एवढ्यासाठीच मी लिहायलोय.

आणि तुम्हा लोकांना एक सांगायचंय. विचारणाऱ्याचा आवाज जवळचा, पाहुणा जणू विहिरीतून बोलायलाय. पाहुण्यासाठी मी आवाज वाढवतो, तेवढ्यात जाहिरात येते ती कानशिलात बसते. दुखणाऱ्या कानाला ते लई लागतं.

(धागाकर्ता) दादा, हे तर माझंच काम. आवाजाची सरासरी पातळी मोजायचं एकक आहे, एलयूएफएस. ॲपल पॉडकास्टकर्त्यांना ती उणे १६ च्या आसपास ठेवायला सांगते, एक इकडंतिकडं. पण पूर्ण भागाची सरासरी उणे १६ येऊनही त्यात एक माणूस फार मोठा आणि एक फार बारीक असू शकतो. म्हणून आधी प्रत्येकाच्या आवाजाचा ट्रॅक वेगळा घेऊन त्याची पातळी सारखी करायची, मग भाग जोडायचा. जाहिरात बाहेरून तयार होऊन येते, तिची पातळी कुणी बघतच नाही. मीही बघत नव्हतो.

विहिरीचं कारण खोलीही असते. फरशी, उघड्या भिंती, वर पत्रा. मी आता टेबलाभोवती दोऱ्या बांधून चादरी सोडतो. आपली जाड जॅकार्डची चादर दुहेरी घडी घालून टांगली की भिंतीवरून येणारा खणखणाट बराच शोषला जातो. पंख्याची घरघर मात्र तिनं जात नाही. पंखा बंद करावा लागतो, आणि मे महिन्यात सोलापुरात पंखा बंद करून कुणाला तासभर बोलतं ठेवणं अवघड आहे. म्हणून उन्हाळ्यात सकाळी सहाला रेकॉर्डिंग.

रेल्वे लाईन्स, निवृत्त

आकाशवाणी ऐकत मोठा झालो. निवेदक दर थोड्या वेळानं सांगायचा की आपण काय ऐकत आहात आणि कोण बोलत आहे. तेव्हा वाटायचं, किती वेळा तेच. आता त्याची किंमत कळते. पॉडकास्टवर चार मुलं एकदम बोलतात, एकमेकांना 'भावा' म्हणतात, कुणाचं वाक्य कुणाचं ते शेवटपर्यंत कळत नाही. मधे दूधवाला आला, दोन मिनिटं लक्ष गेलं, की परत आत शिरायला दार नाही. दर दहा मिनिटांनी पाहुण्याचं नाव घ्या आणि विषय सांगा. दहा सेकंद लागतील.

जुळे सोलापूर

मला दिसत नाही. फोन टॉकबॅकवर वापरतो, म्हणजे बोट फिरवेन तिथलं नाव फोन बोलून दाखवतो. एका ॲपमध्ये भाग उघडला की ऐकू येतं, "बटण. बटण. बटण. बटण." चारही बटणांना नावंच दिलेली नाहीत. कुठलं मागं नेणारं, कुठलं डाउनलोडचं, हे मी पाठ केलं होतं. एका अपडेटमध्ये त्यांनी जागा बदलल्या आणि मी जपून ठेवलेला भाग माझ्याच हातानं पुसला गेला. माझ्या गुरुजींची मुलाखत होती ती. मूळ भागही नंतर काढून टाकला गेला होता.

ॲप बनवणाऱ्यानं एका बटणाला नाव द्यायला एक ओळ लिहावी लागते. तेवढंच काम आहे ते.

हल्ली सगळे व्हिडिओ करायला लागलेत, त्याला माझी हरकत नाही. पण "हे बघा, असं धरायचं" म्हणून पाहुणा काहीतरी दाखवतो आणि सूत्रसंचालक "वा!" म्हणतो, तेव्हा मी बाहेर राहतो. दाखवलं ते बोलूनही सांगा. गाडी चालवणाऱ्यालाही ते दिसत नसतंच.

अजून एक. रस्त्यावर चालताना मी एकाच कानात इयरफोन घालतो, दुसरा कान मला रहदारीसाठी लागतो. काही जण एक आवाज डाव्या बाजूला आणि दुसरा उजव्या बाजूला ठेवतात. सात रस्त्यापासून पार्क चौकापर्यंत मी नुसते प्रश्न ऐकत आलोय, एकही उत्तर नाही.

(धागाकर्ता) गप्पांचे भाग यापुढं मोनोतच. दोन्ही कानांत तेच. त्यात फाइलही निम्म्यावर येते. ६४ केबीपीएस (सेकंदाला ६४ किलोबिट) मोनोमध्ये माणसाचं बोलणं स्वच्छ ऐकू येतं आणि तासाला साधारण २९ एमबी लागतात. १२८ केबीपीएसला ५८ एमबी.

सांगोला तालुका

डाळिंब आहे, तीन एकर. छाटणी करताना ऐकतो. आपल्या जिल्ह्यात केगावला राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे, त्यामुळं जाणकार माणसं जवळ आहेत आणि भागही चांगले होतात. तक्रार माहितीबद्दल नाही, ती कशी सांगतात याबद्दल आहे.

डाळिंबाच्या तेल्या रोगावर बोलताना तज्ज्ञ औषधाचं प्रमाण एकदा सांगतो आणि पुढं जातो. माझ्या हातात कात्री. बोर्डो मिश्रण एक टक्क्याचं म्हणजे १०० लिटर पाण्याला १ किलो मोरचूद आणि १ किलो चुना, हे मला पाठ आहे. पण ते बाग विश्रांतीत असतानाचं. फळं असताना त्याहून सौम्य घ्यायचं. आता नवीन पोरगा भाग मधूनच ऐकायला लागला आणि त्याच्या कानावर नुसतं 'एक टक्का' पडलं तर? प्रमाण दोनदा सांगा, बाग कुठल्या अवस्थेत आहे ते धरून सांगा, आणि खाली लिहूनही द्या.

भाग कुठल्या बहाराबद्दल, म्हणजे फळ धरायच्या कुठल्या हंगामाबद्दल, आहे ते नावातच घाला. "डाळिंब उत्पादकांसाठी महत्त्वाची माहिती" या नावाचे पाच भाग माझ्या फोनमध्ये आहेत. मृगाचा कुठला, हस्ताचा कुठला, ते प्रत्येक उघडून ऐकल्याशिवाय कळत नाही. भागाचे खंड पाडून कितव्या मिनिटाला काय ते लिहिलं तर आमचे तास वाचतील.

हुतात्मा एक्सप्रेसचा पासधारक

सकाळी साडेसहाच्या सुमाराला गाडी सुटते, पुण्यापर्यंत चार तास. जेऊर-पारेवाडीच्या पट्ट्यात माझी रेंज जाते, त्यामुळं रात्रीच उतरवून ठेवतो. २०२४ मध्ये मी वापरत होतो ते ॲप कंपनीनं बंदच केलं. निवडून ठेवलेले साठेक कार्यक्रम होते. हलवायला मुदत दिली होती, मी लक्ष दिलं नाही, यादी गेली. तुम्ही आजच तुमची यादी ओपीएमएल फाइल म्हणून बाहेर काढून ठेवा. बऱ्याच ॲपमध्ये ती सोय सेटिंगमध्ये असते, आणि ती फाइल दुसऱ्या ॲपला दिली की सगळे कार्यक्रम परत येतात.

बाळे, शिक्षिका

आठवीच्या वर्गाला सोलापूरच्या चार हुतात्म्यांवरचा एक भाग ऐकवायचा होता. १९३० चा मार्शल लॉ, मग १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांची फाशी. आमच्या मुलांच्या गावची गोष्ट. तास ३५ मिनिटांचा. पहिली सहा मिनिटं संगीत, आभार, "आमच्याशी जोडले जा" यातच गेली. मुलं चुळबुळायला लागली होती. पुढचं सांगणं इतकं चांगलं होतं की मला त्या सहा मिनिटांचा रागच आला.

वर्गात एका मुलाला कमी ऐकू येतं. त्याच्यासाठी लिखित रूप शोधलं, नव्हतं. ॲपलनं २०२४ मध्ये आपोआप लिखित रूप देणं सुरू केलं ते इंग्रजी, फ्रेंच, जर्मन आणि स्पॅनिशमध्ये. मराठीत करणाऱ्यानंच द्यायला हवं. मी दोन रात्री बसून तो भाग हातानं लिहून काढला. त्या मुलानं दुसऱ्या दिवशी वर्गात सगळ्यात जास्त प्रश्न विचारले. तो मजकूर कुणाला हवा असेल तर देईन.

साखर पेठ

आमच्या घरात तेलुगू, समोर कन्नड, शाळेत मराठी. मराठी चांगली कळते. पण वेगानं, अर्धं इंग्रजी मिसळून बोललेली मराठी आमच्या नानीला कळत नाही. ॲपमध्ये वेग पाऊणपट करून दिला तर तिला झेपतं. हे तिला कुणी दाखवलंच नव्हतं. तुमच्याही घरात दाखवा.

एक सूत्रसंचालक, होटगी रोड

सगळं वाचलं. सहा मिनिटं पाल्हाळ लावणाऱ्यांत मीही आहे, ते कमी करतो. जाहिरातींबद्दल मात्र माझी बाजू ऐका. भाडं, माइक, संपादकाचे पैसे त्यातूनच निघतात. जाहिरात काढून टाकली तर कार्यक्रमच थांबेल. पण ती कुठं बसवायची हे माझ्या हातात आहे. आपोआप घालायची सोय निवडताना जागा दाखवून द्यायची असते, ती मी कधी दाखवली नाही, म्हणून ती वाक्याच्या मध्ये येऊन पडते. पुढच्या भागापासून पाहुण्याचा मुद्दा संपला की मी थांबेन, सांगेन की आता जाहिरात आहे, आणि ती माझ्याच आवाजात वाचेन.

विडी घरकुल

परत मीच. आपोआप पुढचं लावायची सोय सेटिंगमध्ये सापडली, बंद केली. आता लावलेलं संपलं की शांत होतं. दुरुस्त केलेली मालिका काल पहिल्या भागापासून लावून दिली. आईनं तीन भाग ऐकले. गोष्टीतला नवरा परत येणार हे तिला माहीत आहे, तरी म्हणाली की तो का गेला ते आता कळायलंय.

तिनं विचारायला सांगितलंय, तुमच्या गप्पांचा नवीन भाग शुक्रवारी सकाळी येतो की शनिवारी? त्या दिवशी ती पानं जास्त भिजवणार आहे.